नाव लिहिलेला ब्रिटनीचा वाडगा घेतला, नाव होतं मार्गरीत

मुद्द्याचं आधीच सांगून टाकते. वाडगा सुंदर आहे, घ्या. फक्त नाव फोनवर सांगू नका, स्पेलिंग लिहून पाठवा आणि भट्टीत जायच्या आधी फोटो मागा, कारण आमचा पहिला वाडगा चुकीचं नाव घेऊन आला होता आणि त्यात महिना गेला. ते सगळं पुढे येतंच.

फ्रान्समध्ये राहणाऱ्यांनी हे वाडगे कुठे ना कुठे बघितलेच असणार. ब्रिटनीत, म्हणजे फ्रान्सच्या वायव्य टोकाच्या भागात, आणि त्या किनाऱ्यावरच्या गावांत प्रत्येक दुकानाबाहेर गोल फिरणारा स्टँड असतो आणि त्यावर नावांचे वाडगे ओळीनं मांडलेले असतात. पांढरा मातीचा वाडगा, दोन्ही बाजूंना दोन चपटे कान, काठाशी निळी पट्टी, तिच्या आत पिवळी रेघ, पोटावर ब्रेतॉन पोशाखातली बाई नाहीतर बुवा आणि ब्रशनं लिहिलेलं नाव. सकाळी यात दूध घातलेली कॉफी किंवा गरम चॉकलेट घ्यायचं आणि लोणी लावलेला पाव बुडवून खायचा. लोण्यामुळे कॉफीवर तेलाचे बारीक थेंब तरंगतात, आणि ब्रिटनीत लोणी खारं असतं म्हणून घोट किंचित खारट लागतो. पहिल्यांदा विचित्र वाटतं, महिन्याभरानंतर त्याशिवाय चालत नाही.

आता आम्ही का घेतला ते. आम्ही नॉन्तमध्ये राहतो आणि आमच्या खालच्या मजल्यावर एक आजी राहतात, वय ९१. फ्रेंचमध्ये आजीला ‘मामी’ म्हणतात, त्यामुळे आमच्या घरात त्या मामीच, आणि माझ्या आईशी फोनवर बोलताना दर वेळी सांगावं लागतं की अगं मामी म्हणजे खालच्या आजी. त्यांचं नाव मार्गरीत, स्पेलिंग Marguerite. या ऑगस्टमध्ये त्यांना पणती झाली आणि नातवानं न सांगता, न विचारता मुलीचं नाव मार्गरीत ठेवलं. इथे जन्मानंतर पाच दिवसांच्या आत नगरपालिकेत, म्हणजे मेरीमध्ये जाऊन बाळाचं नाव नोंदवावं लागतं, बारशाची वाट बघायची सोयच नाही, तर नातू नाव नोंदवून आला आणि मग त्यानं आजीला फोन केला. मामी ते मला सांगायला जिना चढून वर आल्या. एरवी त्या गुडघ्यांमुळे वर येत नाहीत. दारात उभं राहून म्हणाल्या, "तिला माझं नाव दिलंय", आणि थोड्या वेळानं, "का दिलं असेल गं?"

हा प्रश्न त्यांनी खरंच विचारला होता, म्हणजे कौतुक करून घ्यायला नाही. त्यांना स्वतःचं नाव कधीच आवडलं नव्हतं. मला मात्र ते पहिल्या दिवसापासून आवडायचं आणि का आवडायचं ते त्यांना सांगता सांगताच मला ते जास्त कळत गेलं, म्हणून वाडग्याच्या रिव्ह्यूमध्ये नावाबद्दलच जास्त लिहिणार आहे, वाडग्यावर बघायचं असतं ते नावच.

बाळाला काय द्यायचं यावर आमचं आधी बरंच चाललं होतं. इथे नेहमीची गिफ्ट म्हणजे गुर्मेत, नाव कोरलेलं छोटं ब्रेसलेट, नाहीतर चांदीचा पेला ज्याला तँबाल म्हणतात. गुर्मेत बघितलं तर बाळाच्या मनगटाएवढ्या पट्टीवर दहा अक्षरं बसवायची म्हणजे इतकी बारीक होतात की चष्मा लावून वाचावी लागतील. सोनार म्हणाला मार्गो लिहूया. मला ते नको होतं, मार्गो छानच आहे पण ते लाडाचं नाव, ज्या मुलीला पूर्ण नाव मिळालंय तिला पहिल्याच भेटीत अर्धं कशाला द्यायचं. आणि चांदीचा पेला कपाटात जातो, दर दोन वर्षांनी घासायला बाहेर निघतो. वाडगा रोज टेबलावर असतो, त्यात मूल दूध पितं, अक्षरओळख व्हायच्या आधी त्याला आपलं नाव चित्रासारखं ओळखता येतं. म्हणून वाडगा.

नावाचा अर्थ मोती. ग्रीकमध्ये मार्गारितेस म्हणजे मोती, तिथून लॅटिनमध्ये मार्गारिता आणि तिथून फ्रेंचमध्ये मार्गरीत. ग्रीकांकडे हा शब्द पूर्वेकडून आला, बहुधा इराणी भाषांतून, मोत्यांच्या व्यापाराबरोबर. पण आजच्या फ्रेंचमध्ये मोत्याला ‘पेर्ल’ म्हणतात आणि मार्गरीत म्हटलं की डोळ्यासमोर येतं ते फूल, पांढऱ्या पाकळ्या आणि मध्ये पिवळा गोल, आपल्या शेवंतीच्या कुळातलं, मे-जूनमध्ये इथल्या गवतात जिकडेतिकडे असतं. जुन्या फ्रेंचमध्ये हा एकच शब्द दोन्हीला चालायचा. डुकरांपुढे मोती टाकू नयेत हे बायबलमधलं वचन जुन्या फ्रेंचमध्ये डुकरांपुढे ‘मार्गरीत’ टाकू नयेत असंच म्हणायचे, आणि आज ते वाचलं तर वाटतं की फुलं टाकतायत. राजा फ्रान्स्वा पहिला याची बहीण मार्गरीत द नाव्हार, ती स्वतः लिहायची, १५४७ साली तिच्या कविता लिऑनला छापल्या तेव्हा पुस्तकाच्या नावातच हा श्लेष केला होता, मार्गरीतचे मोती आणि मार्गरीतची फुलं दोन्ही.

मी मामींना आपला मंजरी शब्द सांगितला. आपण मंजरी म्हणजे तुळशीची, आंब्याची फुलांची तुरी एवढंच धरतो, पण संस्कृत कोशात मंजरीचा एक अर्थ मोती असाही दिलेला आहे. म्हणजे फूल आणि मोती एकाच बायकी नावात, दोन अगदी वेगळ्या ठिकाणी. त्यांनी ‘मॉन्जारी’ असं दोन-तीनदा म्हणून बघितलं. मग म्हणाल्या की शाळेत कोणी मला हे सांगितलं असतं तर.

शाळेत त्यांना काय सांगितलं गेलं ते वेगळंच होतं. मार्गरीत हे नाव १९०० च्या सुमारास फ्रान्समध्ये मुलींच्या पहिल्या दहा नावांत होतं, इन्से म्हणजे इथली सरकारी आकडेवारी संस्था, तिच्या वेबसाइटवर १९०० पासूनची नावं वर्षावार फुकट बघता येतात, नाव टाकलं की आलेख येतो. मार्गरीतचा आलेख उंचावरून सुरू होतो आणि उतरत उतरत शतकाच्या मध्यानंतर पार जमिनीला टेकतो. मामी जन्मल्या तेव्हा ते नाव आधीच आज्यांचं झालं होतं, त्यांनाही ते आजीवरूनच मिळालं. वर्गात बाकीच्या मोनिक, जाकलीन, आणि ही एकटी मार्गरीत. त्यात खेड्यात गायीला मार्गरीत म्हणायची पद्धत, कारण कुरणात ती फुलं असतात. १९५९ साली एक प्रचंड चाललेला सिनेमा आला, युद्धकैदी गायीला दोरीनं धरून जर्मनीतून पळून निघतो असा, त्या गायीचं नाव मार्गरीत, आणि मग तर संपलंच, त्यांच्या लग्नानंतरच्या गावात जो तो त्यावरून हाक मारायचा. तेव्हापासून त्यांनी मार्गो सांगायला सुरुवात केली. मार्गो म्हणजे गावाकडच्या बोलीत मॅगपाय पक्षी, बडबड्या बाईलाही म्हणतात, पण गायीपेक्षा पक्षी बरा असं त्या म्हणाल्या.

आता त्याच आलेखाचा शेवट बघा, एकविसाव्या शतकात तो परत वर यायला लागतो. फ्रान्समध्ये नावांचं असं होतं की आईबाबांच्या पिढीची नावं शिळी वाटतात, आजीआजोबांची म्हातारी वाटतात, आणि पणजीची नावं एकदम ताजी वाटतात, कारण ती धारण करणारी माणसं आजूबाजूला फारशी उरलेली नसतात. लुईज, जान, रोझ सगळ्या अशाच परत आल्या. पण मार्गरीत नुसत्या फॅशननं आली असं मला वाटत नाही. एक काळ इथे नाव ठेवायचं स्वातंत्र्यच नव्हतं, १८०३ च्या कायद्यानं कॅलेंडरमधली संतांची नावं आणि प्राचीन इतिहासातली नावं एवढीच चालायची, आणि १९९३ च्या कायद्यानंतर आईबाप हवं ते ठेवू शकतात, बाळाच्या हिताविरुद्ध असेल तरच अधिकारी सरकारी वकिलाला कळवतो आणि मग कोर्ट बघतं. म्हणजे पूर्वी मार्गरीत ठेवणारे कॅलेंडरमधून ठेवत होते, आता ठेवणाऱ्यापुढे जगातली सगळी नावं आहेत आणि तरी तो हे निवडतो. मामींच्या ‘का दिलं असेल’ ला माझं पहिलं उत्तर हेच होतं.

उच्चाराबद्दल थोडं, कारण आपल्या लोकांना हे नाव इतरांपेक्षा चांगलं जमतं. मध्ये जे यू अक्षर आहे ते बोलायचं नाही, ते फक्त ग चा ग राहावा म्हणून आहे, नाहीतर पुढच्या ई मुळे तो ज सारखा मऊ होईल. शेवटची ई पण मुकी. मधला ‘ग’ पुढचा स्वर इतका हलका की भरभर बोलताना मार्ग्रीत असंच ऐकू येतं. र घशातून. आणि शेवटचा त आपला दंत्य त, अगदी तोच, जीभ दातांना लावून, ट नाही. इंग्रजी सवयीनं लोक मार्गरीट म्हणतात आणि नावातली सगळी हवा जाते. मार्गरीत म्हणताना जीभ शेवटी अलगद दातांना टेकते, ते मला फार आवडतं.

ऑर्डरचा किस्सा. किनाऱ्यावरच्या एका गावातल्या कारखान्याच्या दुकानात मी सप्टेंबरमध्ये फोन केला, कारण स्टँडवर मार्गो होतं, एक्स वालं मार्गो होतं (ते बोर्दोजवळच्या वाइनच्या गावाच्या स्पेलिंगनं), मारी, मानों, मारीन होतं, पण मार्गरीत नव्हतं. २४ युरो, नावाचे वेगळे पैसे नाहीत, पोस्टाचे आठ. ईमेलवर कन्फर्मेशन आलं ते बरोबर होतं. ऑक्टोबरच्या सुरुवातीला खोकं आलं, उघडलं तर शेवटी दोन टी. म्हणजे ऐकायला फरक नाही, आडनावात तसं लिहितातही, पण मेरीत नोंदवलेलं नाव ते नाही आणि मुलगी शाळेत जाईपर्यंत चुकीचं स्पेलिंग रोज बघणार, ते चालणार नव्हतं.

दुकानातल्या बाई आधी म्हणाल्या की नाव घातलेली वस्तू परत घेत नाही. हे लक्षात ठेवा, फ्रान्समध्ये ऑनलाइन किंवा फोनवरून घेतलेली वस्तू १४ दिवसांत काही कारण न देता परत करता येते पण खास तुमच्यासाठी बनवलेल्या वस्तूला तो नियम लागू नाही, म्हणजे तुम्हाला रंग आवडला नाही तर काही करता येत नाही. पण ऑर्डरमध्ये एक आणि वस्तूवर दुसरं असेल तर ती त्यांची चूक, ती त्यांना दुरुस्त करावीच लागते. मी कन्फर्मेशनचा ईमेल पाठवला तशी भाषा बदलली आणि नवीन करून देतो म्हणाले, तेही फुकट. माफी मात्र मागितली नाही, तेवढं मला खटकलं. मी म्हटलं मी येतेच, माझ्यासमोर लिहा.

आणि बरं झालं गेले. दाराजवळच्या टेबलाशी एक चित्रकार बाई बसल्या होत्या, त्यांच्यासमोर भट्टीतून एकदा निघालेले आणि पांढऱ्या झिलईत बुडवून वाळवलेले वाडगे. ती झिलई त्या वेळी खडूच्या भुकटीसारखी असते, बोट लावलं की बोटावर येते. तिच्यावर रंग टेकला की लगेच शोषला जातो, खोडता येत नाही. चुकलं तर सगळी झिलई धुऊन परत बुडवायचा. म्हणून हात थांबून चालत नाही. त्यांनी स्पेलिंग लिहिलेली माझी चिठ्ठी वाडग्यासमोर टेकवून ठेवली, दोन कानांमधली जागा नजरेनंच मोजली, ब्रश कोबाल्टच्या रंगात भरला, जो कच्चा असताना निळा नाही, करडा-जांभळट दिसतो, आणि एम काढला. ब्रश भरलेला होता म्हणून एमचा पहिला पाय जाड आणि गडद आला, मग ए, आर करत करत रंग पातळ होत गेला, जी ची शेपूट खालच्या पिवळ्या रेघेला जवळजवळ टेकली. यू ला त्यांनी परत ब्रश बुडवला. मग सगळं एका दमात शेवटच्या ई पर्यंत, आणि शेवटी मागे येऊन आय चा टिंब आणि टी ची आडवी रेघ, आपण अक्षरं काढून झाल्यावर वरची शिरोरेघ ओढतो ना तसं. सगळं मिळून अर्धा मिनिटसुद्धा लागला नसेल.

मी विचारलं, फूल काढाल का एक. त्यांनी काही न बोलता नावाच्या खाली पाकळ्या टेकवल्या, एक पाकळी म्हणजे ब्रशचा एकच टेका, टोक आधी टेकवायचं, दाबायचं, उचलायचं. ब्रिटनीतल्या कॅम्पेर गावच्या मातीकामात या पद्धतीला ‘आ ला तूश’ म्हणतात, तिथे सतराव्या शतकाच्या शेवटापासून हे काम चालत आलंय. पांढऱ्यावर पांढऱ्या पाकळ्या दिसणार नाहीत म्हणून निळ्या काढल्या आणि मध्ये पिवळा ठिपका. मी मनातल्या मनात मोजत होते. इथली मुलं हे फूल घेऊन एकेक पाकळी तोडत म्हणतात, थोडं प्रेम करतो, खूप करतो, जीव तोडून करतो, वेड्यासारखं करतो, अजिबात करत नाही. पाच पायऱ्या, आपल्याकडे हो-नाही दोनच असतात. वाडग्यावर नऊ पाकळ्या आल्या, म्हणजे शेवट ‘वेड्यासारखं’ वर. बाईंना हे सांगितलं तर त्या म्हणाल्या, मी नेहमी मोजूनच काढते.

यासाठी मी अर्धा स्टार देते. चुकीसाठी एक कापलाय, त्यातला अर्धा यासाठी परत दिलाय.

भट्टी भरायची वाट बघावी लागली, नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात वाडगा हातात आला. भट्टीतून आल्यावर करडा रंग खोल निळा होतो, काचेखाली गेल्यासारखा. एमचा गडद पाय आणि एआरची फिकट होत गेलेली टोकं तशीच राहिली आहेत, पहिला आर दुसऱ्यापेक्षा लंगडा आहे, दोन ई सारखे नाहीत, मला हे सगळं हवंच होतं. स्वस्तातले वाडगे घेताना बघा, पुष्कळांवर चित्र स्टिकरसारखं छापून चिकटवलेलं असतं आणि फक्त नाव हातानं लिहिलेलं असतं, ते वाईट आहे असं नाही पण भाव हाताच्या कामाचा लावतात. तळाशी हातानं रंगवल्याचं लिहिलंय का ते पाहून घ्या. काठावर झिलई सलग आहे का बोट फिरवून बघा, आमच्या एका कानाच्या आतल्या बाजूला टाचणीच्या डोक्याएवढी जागा उघडी राहिलीये, तिथून पाणी मातीत मुरतं. वाडगा हलका वाटतो पण गरम लवकर होतो, आणि कान हे धरायला नाहीत, अंगठे टेकवायला आहेत, दोन्ही तळव्यांत वाडगा धरायचा असतो. डिशवॉशरमध्ये घालू नका, अशा झिलईच्या मातीकामाला फायान्स म्हणतात आणि ती शेवटी सच्छिद्र मातीच, थंडगार वाडग्यात उकळतं ओतूनही तडे जातात.

या सगळ्या आठवड्यांत माझं मामींना नाव पटवणं चालूच होतं, रोज दुपारी थोडं थोडं. मी सांगितलं की लेखिका मार्गरीत युर्सनार, जन्म १९०३, तिचं खरं आडनाव क्रेयाँकूर, त्यातला एक सी गाळून बाकीची अक्षरं उलटसुलट करून तिनं युर्सनार केलं, पण मार्गरीत तसंच ठेवलं. १९८० मध्ये ती फ्रेंच अकादमीवर निवडून आली, १६३५ पासूनच्या त्या संस्थेत पहिली बाई. मार्गरीत द्युरास, जन्म १९१४, आताच्या व्हिएतनाममध्ये, तिचंही आडनाव दोनादिय होतं, ते टाकून तिनं वडिलांच्या भागातल्या गावाचं नाव घेतलं, १९८४ ला गोंकूर हे साहित्याचं मोठं पारितोषिक मिळालं. दोघींनी आडनाव बदललं, जे वडिलांकडून येतं ते, आणि जे नाव फक्त आपलं ते ठेवलं. ज्यांचं सगळं आयुष्य शब्द निवडण्यात गेलं अशा दोन बायकांना हा शब्द बदलावासा वाटला नाही, यापेक्षा मोठी शिफारस मला माहीत नाही.

मामींना मात्र तिसरी आवडली. मार्गरीत पेरे. वडील लवकर गेले, डॉक्टर व्हायचं होतं पण पैसे नव्हते, १९२९ साली वयाच्या एकोणिसाव्या वर्षी पॅरिसच्या रेडियम इन्स्टिट्यूटमध्ये मारी क्युरींच्या हाताखाली मदतनीस म्हणून लागली, आणि जानेवारी १९३९ मध्ये तिनं ८७ क्रमांकाचं मूलद्रव्य शोधलं, ज्याला देशाच्या नावावरून फ्रान्सियम नाव दिलं. तेव्हा तिच्याकडे विद्यापीठाची पदवीही नव्हती, डॉक्टरेट नंतर १९४६ ला मिळाली. १९६२ मध्ये ती विज्ञान अकादमीची संलग्न सदस्य झाली, त्या अकादमीत निवडून आलेली पहिली स्त्री, त्याच अकादमीनं १९११ मध्ये मारी क्युरींना नाकारलं होतं. किरणोत्सारानं झालेल्या कॅन्सरनं १९७५ ला गेली. मामी स्वतः चौदाव्या वर्षी शाळा सोडून कॅनिंगच्या कारखान्यात कामाला लागल्या होत्या. त्यांनी मला पेरेचं आडनाव एका कागदावर लिहून मागितलं आणि तो कागद टेलिफोनखाली ठेवला.

मार्गारीन पण याच शब्दाचं, हे ऐकून त्या हसल्या. शेव्रल नावाच्या रसायनशास्त्रज्ञाला चरबीतून मोत्यासारखे चमकणारे कण मिळाले म्हणून त्यानं ग्रीक मोत्यावरून नाव दिलं, आणि १८६९ मध्ये मेज-मूरिएसनं लोण्याला पर्याय बनवला तेव्हा तेच नाव त्याला लागलं. पण ब्रिटनीच्या वाडग्याजवळ मार्गारीनचा विषय काढायचा नाही असं त्यांनी मला बजावलं.

१६ नोव्हेंबरला फ्रेंच कॅलेंडरमध्ये सेंट मार्गरीतचा दिवस असतो, अकराव्या शतकातली स्कॉटलंडची राणी. पूर्वी २० जुलैला दुसऱ्या एका मार्गरीतचा, अँटिओकच्या, मोठा मान असायचा, गरोदर बायका तिला नवस बोलायच्या आणि जान दार्कला, म्हणजे जोन ऑफ आर्कला, जे आवाज ऐकू यायचे त्यातला एक तिचा होता. आता त्या तारखेला कॅलेंडरवर मारिना छापतात, पूर्वेकडे त्याच संतेला मारिना म्हणतात म्हणून. तर १६ तारखेला इथे पोस्टाच्या कॅलेंडरमध्ये बघून लोक त्या नावाच्या बायकांना ‘बॉन फेत’, म्हणजे नावाच्या दिवसाच्या शुभेच्छा देतात, आणि यंदा मामींच्या घरी दोन मार्गरीत होत्या. नातू, त्याची बायको, तीन महिन्यांचं बाळ, मी आणि माझा नवरा. खोकं मामींनीच उघडलं.

त्यांनी वाडगा काढला, नाव वाचलं, बोटानं दहाही अक्षरांवरून एकदा फिरल्या. मग उठून फडताळातून स्वतःचा वाडगा आणला, जो मी तीन वर्षांत कधी बघितला नव्हता. पहिल्या कम्युनियनला, म्हणजे लहानपणीच्या चर्चमधल्या विधीला मिळालेला, ऐंशीएक वर्षांचा. एका कानाचा टवका गेलेला, झिलईवर केसासारख्या रेघांचं जाळं आणि त्यात कॉफी मुरून त्या तपकिरी झालेल्या, पण नाव तसंच, निळ्याचा निळा. कोणीतरी तेव्हाही तसंच लिहिलं होतं, एमचा पहिला पाय जाड, पुढे रंग फिका होत गेलेला, जी ची शेपूट रेघेला टेकलेली.

नातसुनेनं विचारलं की इतकी वर्षं हा वापरला का नाही. मामी म्हणाल्या, "नाव वर होतं ना." मग त्यांनी दोन्ही वाडगे धुतले, पुसले, जुन्यात स्वतःसाठी कॉफी ओतली आणि नवा बाळासमोर टेबलावर ठेवला, नाव तिच्या बाजूला वळवून.

पाचपैकी साडेचार. अर्धा दोन टी साठी कापला. आता माझ्या भाचीसाठी सांगणार आहे, या वेळी चिठ्ठी घेऊन स्वतःच जाणार, आणि फूल मागितलं तर काढतात, फक्त विचारावं लागतं.